निकाल 'राखीव', विद्यापीठ लेखी कारण देत नाही, प्रवेशाला २४ दिवस उरलेत. कायदेशीर मार्ग कोणता?

सिडको_नाशिक (प्रश्न)

नमस्कार. बहिणीच्या बी.एस्सी. शेवटच्या सत्राचा निकाल 'राखीव' दाखवतोय. शेवटचा पेपर होऊन आज ७१ दिवस झाले. वर्गातल्या बाकीच्यांचा निकाल ४३ व्या दिवशी लागला. कॉलेज नाशिकमधलं, संलग्न. कॉलेजचं म्हणणं, आमच्याकडून सगळं गेलंय. विद्यापीठाच्या खिडकीवर सांगतात, कॉलेजकडून आलेलं नाही. दोन्हीकडून लेखी काहीच नाही. दोन ई-मेल केले, उत्तर आलेलं नाही. एम.एस्सी. प्रवेशासाठी गुणपत्रक दाखवायची शेवटची तारीख २४ दिवसांवर आहे.

जवळ हॉल तिकीट, परीक्षा शुल्काची पावती, आधीच्या सगळ्या सत्रांची गुणपत्रकं आणि ई-मेलच्या प्रती आहेत. संस्थांची नावं मुद्दाम देत नाही. विचारायचं एवढंच: कोणता कायदा लागू होतो, आधी कुठे जायचं, ग्राहक मंचात जाता येतं का, आणि हायकोर्टात जायची वेळ आली तर नाशिकवाल्यांनी मुंबईला जायचं की औरंगाबाद खंडपीठाकडे?

गोदाकाठ

कायद्याच्या आधी एक काम उद्याच उरका. फाईल नेमकी कोणत्या टेबलावर अडकली आहे ते शोधा. 'राखीव' म्हणजे नापास नव्हे. निकाल तयार आहे, पण कुठलीतरी अट पूर्ण दिसत नाही म्हणून सोडलेला नाही, एवढाच त्याचा अर्थ. कारणं ठरलेली असतात. प्रथम वर्षाची पात्रता, म्हणजे प्रवेशाला विद्यापीठाची मान्यता, कायम झालेली नसते (बारावी दुसऱ्या बोर्डाची किंवा आधीचं शिक्षण दुसऱ्या विद्यापीठाचं असेल तर मायग्रेशन, म्हणजे स्थलांतर प्रमाणपत्र, जमा नसतं). कॉलेजने अंतर्गत किंवा प्रात्यक्षिकाचे गुण भरलेले नसतात किंवा भरून 'कन्फर्म' केलेले नसतात. आधीच्या सत्राचा एखादा विषय राहिलेला दिसतो. पीआरएन (विद्यार्थ्याचा कायम नोंदणी क्रमांक) किंवा नावाच्या स्पेलिंगमध्ये फरक असतो. शुल्क थकीत दिसतं. गैरप्रकाराचं प्रकरण असेल तर तो वेगळाच विषय.

यातलं प्रत्येक कारण वेगळ्या विभागाकडे असतं, आणि खिडकीवरचा माणूस फक्त आपल्या विभागाचं सांगतो. पात्रतेचा घोळ असेल तर परीक्षा विभागात महिनाभर चकरा मारून उपयोग नाही. विद्यार्थी प्रोफाइलमध्ये लॉग-इन करून पात्रतेची नोंद बघा. कॉलेजच्या परीक्षा विभागाकडून अंतर्गत गुण भरल्याची छापील प्रत मागा. तिच्यावर बहिणीच्या आसन क्रमांकासमोर गुण आहेत की जागा कोरी आहे, हे डोळ्यांनी बघा.

मग अर्ज. एकच पान. परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे, प्रत कुलसचिव आणि कॉलेजच्या प्राचार्यांना. त्यात नाव, पीआरएन, आसन क्रमांक, परीक्षेचं सत्र, शेवटच्या पेपरची तारीख, वर्गाचा निकाल लागल्याची तारीख. मागण्या दोनच: निकाल राखून ठेवण्याचं कारण व कमी असलेलं कागदपत्र लेखी कळवा, आणि कमतरता नसेल तर ७ दिवसांत निकाल जाहीर करा. सोबत प्रवेशाच्या अंतिम तारखेची जाहिरात जोडा आणि अर्जात ती तारीख ठळक लिहा. मनस्ताप, घरची परिस्थिती, कोण काय उर्मट बोललं हे यात घालू नका. तीन पानी अर्ज कोणी वाचत नाही, आणि उद्या हाच कागद न्यायालयात जाणार आहे.

दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. पोच देत नसतील तर त्याच दिवशी पोचपावतीसह स्पीड पोस्ट, आणि तीच पीडीएफ ई-मेलने. अर्ज उपकेंद्रात दिला तरी निर्णय मुख्य कार्यालयातच होणार असेल, तर एक प्रत थेट तिकडे टाका. नाहीतर टपाल पुढे पाठवण्यातच आठवडा जातो.

मेनरोडचा_वाचक

कायदा कोणता, हे विद्यापीठावर अवलंबून आहे आणि नाशिकमध्ये इथेच गोंधळ होतो. सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाला संलग्न कॉलेज असेल तर महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ लागू. यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठाचा स्वतःचा १९८९ चा कायदा आहे, आरोग्य विज्ञान विद्यापीठाचा १९९८ चा. त्यामुळे मुक्त किंवा आरोग्य विद्यापीठाच्या विद्यार्थ्याने अर्जात २०१६ च्या कायद्याचं कलम टाकलं की समोरच्याला 'हे आम्हाला लागू नाही' एवढं उत्तर पुरतं.

२०१६ च्या कायद्याचं कलम ८९ सांगतं की त्या अभ्यासक्रमाच्या परीक्षेच्या शेवटच्या दिवसापासून ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत लावायचा. तेही जमलं नाही तर संचालकांनी उशिराच्या कारणांचा सविस्तर अहवाल वर पाठवायचा. दिवस मोजताना प्रात्यक्षिक लेखी परीक्षेनंतर झालं असेल तर ती तारीख धरा.

सिडको दादा, तुमच्या बाबतीत या कलमाची धार थोडी कमी होते, ते आधीच लक्षात घ्या. वर्गाचा निकाल ४३ व्या दिवशी लागला, म्हणजे विद्यापीठ म्हणणार, आम्ही मुदतीत निकाल लावला, हा एकच कमतरतेमुळे राखलाय. म्हणून तुमचा मुद्दा '४५ दिवस उलटले' एवढ्यावर उभा करू नका. 'कमतरता कोणती ते कधीच कळवलं नाही, पूर्ततेची संधी दिली नाही, लेखी अर्जाला उत्तर नाही' हा मुद्दा जास्त भक्कम आहे. अख्ख्या वर्गाचाच निकाल रखडला असता तर गोष्ट वेगळी होती. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठात ऑनस्क्रीन तपासणीमुळे सगळेच निकाल लांबले. तिथे उशीर हाच मुख्य मुद्दा होता, आणि प्रकरण राज्यपालांनी कुलगुरूंना पदावरून दूर करण्यापर्यंत गेलं.

सातपूर_०७

एवढं कशाला? ग्राहक मंचात टाका. फी घेतली म्हणजे सेवा झाली. नुकसानभरपाईही मिळेल.

मेनरोडचा_वाचक

सातपूर, हा सल्ला सगळीकडे दिला जातो, पण त्यात विद्यार्थ्याचे महिने वाया जातात. परीक्षा घेणं, निकाल लावणं, प्रमाणपत्र देणं हे ग्राहक कायद्यातली 'सेवा' नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने बिहार विद्यालय परीक्षा मंडळाच्या प्रकरणात २००९ मध्ये सांगितलं. पुढच्याच वर्षी महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणातही विद्यार्थी 'ग्राहक' नाही असा निकाल आला. तक्रार दाखल होईल, तारखा पडतील, आणि शेवटी अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर बाहेर. २४ दिवसांच्या प्रश्नाला हा मार्ग नाहीच.

गोदाकाठ

आता तक्रार निवारण समितीबद्दल. यूजीसीचे (विद्यापीठ अनुदान आयोगाचे) विद्यार्थी तक्रार निवारण विनियम ११ एप्रिल २०२३ चे आहेत. नेटवर अजून २०१९ च्या विनियमांतल्या चार पातळ्या (विभाग, संस्था वगैरे) लिहिलेल्या सापडतात, त्या जुन्या झाल्या. आता विद्यार्थी तक्रार निवारण समिती आणि तिच्यावर लोकपाल. समितीत प्राध्यापक अध्यक्ष, चार ज्येष्ठ अध्यापक सदस्य आणि एक विद्यार्थी प्रतिनिधी विशेष निमंत्रित. निकाल शैक्षणिक वेळापत्रकापेक्षा उशिरा लावणं, कागदपत्रं अडवून ठेवणं, शिष्यवृत्तीला उशीर, शुल्क परत न करणं, या सगळ्या गोष्टी 'तक्रार' या व्याख्येत स्पष्ट लिहिलेल्या आहेत. अर्जात तेच शब्द वापरा.

आता दिवस मोजू. ऑनलाइन तक्रार आल्यावर संस्थेने १५ दिवसांत आपल्या अभिप्रायासह ती समितीकडे द्यायची. समितीने १५ कामाच्या दिवसांत अहवाल द्यायचा. म्हणजे सगळे वेळेत वागले तरी सव्वा महिना. नंतर निर्णय मिळाल्यापासून १५ दिवसांत लोकपालांकडे अपील, आणि त्यांनी ३० दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करायचा. तुमच्याकडे २४ दिवस आहेत, तेव्हा फक्त या मार्गावर विसंबू नका.

तरीही तक्रार टाकाच, आणि आजच. पहिलं कारण, तक्रार क्रमांक मिळतो, आणि पुढे 'दुसरा मार्ग वापरला का' या प्रश्नाला ते उत्तर असतं. दुसरं, तक्रार नोंदली गेली की कॉलेज आणि विद्यापीठ या दोघांनाही लेखी अभिप्राय द्यावा लागतो. तिथे 'त्यांच्याकडून आलेलं नाही' हे तोंडी टोलवणं थांबतं. चूक कॉलेजची असेल तर कॉलेजच्या समितीकडे, विद्यापीठाची असेल तर विद्यापीठाच्या. तुमचं अजून स्पष्ट नाही म्हणून दोन्हीकडे. संलग्न कॉलेजच्या विद्यार्थ्यांनाही अपिलासाठी विद्यापीठाचाच लोकपाल असतो.

लोकपालांकडे नुसतं 'पेपर पुन्हा तपासा, बेरीज पुन्हा करा' असं अपील चालत नाही. निकालावर परिणाम करणारी ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवावा लागतो. पुनर्मूल्यांकनाची वेगळी मुदत विद्यापीठाच्या परिपत्रकात असते. ती मोजक्या दिवसांची असते आणि तक्रार टाकली म्हणून थांबत नाही.

पंचवटी_वाचनालय

माहिती अधिकाराबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून. यालाही ३० दिवस लागतात, म्हणजे २४ दिवसांत उत्तर येईलच असं नाही. 'जीवित व स्वातंत्र्य' म्हणून ४८ तासांत मागा, असंही कोणीतरी सांगेल. निकालासाठी ती तरतूद लागू पडत नाही, उगाच वाद ओढवून घेऊ नका.

पण अर्ज करावाच. जोडपत्र 'अ' मध्ये, १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून, जन माहिती अधिकाऱ्याच्या नावे. महाराष्ट्राच्या नियमांत एका अर्जात एकच विषय आणि साधारण १५० शब्दांची मर्यादा आहे, त्यामुळे सगळा इतिहास लिहू नका. 'निकाल का लावला नाही?' असंही विचारू नका. 'का' ला उत्तर देणं बंधनकारक नाही, अस्तित्वात असलेला कागद देणं बंधनकारक आहे. म्हणून असं लिहा:

'पीआरएन अमुक, आसन क्रमांक तमुक या विद्यार्थिनीचा निकाल राखून ठेवण्याबाबतच्या टिपणीची व आदेशाची प्रत. माझा दिनांक … चा अर्ज (आवक क्रमांक …) कोणत्या अधिकाऱ्याकडे कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत होता, त्यांची पदनामं व त्यांनी लिहिलेल्या शेऱ्यांच्या प्रती. या विद्यार्थिनीबाबत महाविद्यालयाकडून आलेल्या पत्रांच्या प्रती, आवक क्रमांकासह.'

कोणाच्या टेबलावर किती दिवस, हा प्रश्न एकदा लेखी आला की बऱ्याच फाईली उत्तराआधीच हलतात. ३० दिवसांत उत्तर नाही म्हणजे नकार समजून पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील, शुल्क २० रुपये. त्यानंतर ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरं अपील. आयोगाचं खंडपीठ नाशिकमध्येच आहे. अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपये, कमाल २५,००० रुपये दंड होऊ शकतो, पण तो आयोग करतो आणि ते पैसे तुम्हाला मिळत नाहीत. स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका मागण्याचा हक्क २०११ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने दिलाय, हेही लक्षात असू द्या.

लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ हा वेगळा मार्ग. तो फक्त विद्यापीठाने अधिसूचित केलेल्या सेवांना लागू. आधी त्यांची यादी बघा: मायग्रेशन, दुबार गुणपत्रक अशा सेवा, त्यांची मुदत, पदनिर्देशित अधिकारी. सेवा यादीत असेल आणि मुदत उलटली तर ३० दिवसांत प्रथम अपील, मग द्वितीय, मग आयोगाकडे तिसरं. दोषी अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड. राखीव निकाल यात बसणं कठीण, पण निकालानंतर कागद अडले तर उपयोगी.

मेनरोडचा_वाचक

हायकोर्टाबद्दल. नाशिक जिल्हा मुंबईच्या मुख्य पीठाकडे येतो. औरंगाबाद खंडपीठाकडे धुळे, जळगाव, नंदुरबार, अहिल्यानगर जातात. त्यामुळे शेजारच्या जिल्ह्यातल्या मित्राने सांगितलेलं तुम्हाला लागू नाही.

मार्ग संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका, मागणी परमादेशाची. म्हणजे 'कायद्याने जे काम करायलाच हवं ते करा' असा आदेश. इथे बऱ्याच याचिका अडतात त्या एका कारणाने: आधी लेखी मागणी केलेली नसते. मागणी आणि नकार (किंवा वाजवी वेळेत उत्तर न देणं) हे दाखवावं लागतं. गोदाकाठने सांगितलेला एक पानी अर्ज म्हणूनच महत्त्वाचा. वकिलाची नोटीस सक्तीची नाही, पण ७२ तासांची मुदत देणारी गेली तर बिघडत नाही.

पर्यायी मार्ग आहे म्हणून याचिका फेटाळतील का? तो न्यायालयाचा विवेक असतो, सरसकट बंदी नाही. समितीचं वेळापत्रकच प्रवेशाच्या तारखेपलीकडे जातं हे तारखांच्या तक्त्यात मांडा.

प्रतिवादी कोण, यात चूक होते. विद्यापीठ (कुलसचिवांमार्फत), परीक्षा मंडळाचे संचालक, कॉलेज आणि राज्य शासन हे सगळे घालतात. पण ज्या संस्थेत एम.एस्सी. प्रवेश घ्यायचा तिला पक्षकार करत नाहीत. मग निकालाचा आदेश मिळतो, आणि जागा तोवर दुसऱ्याला गेलेली असते. तिला पक्षकार करा आणि अंतरिम मागणी लिहा: निकाल येईपर्यंत तात्पुरता प्रवेश द्यावा किंवा एक जागा रिक्त ठेवावी.

मराठी कागदांची इंग्रजी भाषांतरं लागतात. अर्ज, कॉलेजची पत्रं, परिपत्रकं यांना दोन-तीन दिवस जातात, म्हणून आत्ताच सुरू करा. उन्हाळ्याच्या सुट्टीत फक्त सुट्टीकालीन न्यायपीठ असतं, त्यासाठी तातडी स्वतंत्रपणे दाखवावी लागते. विद्यापीठाच्या वकिलांना याचिकेची प्रत आधी पोचवा, नाहीतर पहिली तारीख 'अशिलाकडून सूचना घेतो' यातच जाते. वकील साधारण १४-१५ दिवस शिल्लक असताना गाठा. शेवटच्या तीन दिवसांत गेलात तर न्यायालय विचारतं, इतके दिवस काय करत होता?

खर्चाचं: विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे महिलांना उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. अनुसूचित जाती-जमाती आणि दिव्यांगांनाही. सीबीएसजवळच्या (मध्यवर्ती बसस्थानकाजवळच्या) जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. हायकोर्टासाठी मुंबईत उच्च न्यायालय विधी सेवा समिती. नाशिकमधून अर्ज पुढे पाठवायला वेळ लागतो, तेव्हा हा निर्णयही आधीच घ्या.

सिडको_नाशिक

सगळ्यांचे आभार. प्रोफाइलमध्ये पात्रता 'प्रलंबित' दिसतेय. बहिणीची बारावी सीबीएसईची. कॉलेजचा क्लार्क म्हणतो, मायग्रेशन प्रथम वर्षालाच विद्यापीठाकडे पाठवलं. पण प्रत दाखवत नाही. मग आता चूक कोणाची धरायची?

गोदाकाठ

चूक कोणाची हे आत्ता ठरवू नका, कागद कुठे आहे ते ठरवा. प्राचार्यांना आजच पत्र: 'मायग्रेशन ज्या पत्रासोबत पाठवलं त्या पत्राची प्रत, जावक क्रमांक, तारीख आणि विद्यापीठाची पोच द्या.' पाठवलं असेल तर जावक नोंदवहीत ओळ सापडतेच. नोंदच नसेल तर कागद बहुतेक कॉलेजच्या प्रवेश फाईलमध्येच पडून आहे. क्लार्कला बहिणीची प्रथम वर्षाची मूळ फाईल तुमच्यासमोर उघडायला सांगा.

सापडलं तर टपालाने नको. कॉलेजच्या पत्रासह हातोहात पात्रता विभागात द्या, पोच घ्या. पात्रता कायम झाली की परीक्षा विभागाला आपोआप कळतं असं धरू नका. पात्रतेच्या आदेशाची प्रत घेऊन तिथे वेगळा अर्ज द्या, त्यात पहिल्या अर्जाचा आवक क्रमांक लिहा.

सापडलं नाही तर वाद घालत बसू नका. सीबीएसईकडे दुसऱ्या प्रतीसाठी अर्ज करा आणि त्याची पावती विद्यापीठाला हमीपत्रासह द्या: 'मूळ कागद मिळताच सादर करीन, तोवर निकाल तात्पुरता जाहीर करावा.' विद्यापीठाने ते नाकारलं तर नकार लेखी मागा.

पंचवटी_वाचनालय

आणि ताईंनी एम.एस्सी.च्या प्रवेश कार्यालयातही आजच अर्ज द्यावा: निकाल राखीव आहे, कारण पात्रता नोंद, गुणपत्रक सादर करायला अमुक दिवसांची मुदत मिळावी. सोबत आधीच्या सत्रांची गुणपत्रकं आणि विद्यापीठाकडच्या अर्जाची पोच. याचीही आवक घ्या. निकाल लागल्यावर छापील गुणपत्रक यायला वेळ लागेल, त्यासाठी थांबू नका. विद्यापीठाने डिजिलॉकरवर दिलेलं गुणपत्रक मूळ कागदाइतकंच ग्राह्य आहे, ते स्वीकारावं असं यूजीसीने संस्थांना कळवलेलं आहे. डिजिलॉकरमधलं नाव आधारप्रमाणे आणि गुणपत्रकावरचं नाव एकच आहे ना, हे आज रात्रीच तपासा. स्पेलिंग वेगळं असेल तर गुणपत्रक तिथे जोडलंच जात नाही.

सिडको_नाशिक

फाईल उद्या अकराला उघडणार आहेत. प्राचार्यांच्या पत्रावर आवक शिक्का घेतला. विद्यापीठाचा अर्ज स्पीड पोस्टने गेला, ई-मेलही केला. २४ पैकी १० दिवस संपायच्या आत पात्रता कायम झाली नाही, तर अकराव्या दिवशी वकील गाठतो.

मेनरोडचा_वाचक

अकराव्या दिवसाची वाट न बघता भाषांतराला कागद उद्याच द्या. आणि फाईल उघडताना त्यात मायग्रेशन असो वा नसो, काय काय सापडलं याची यादी क्लार्ककडून सही-तारखेसह घ्या.